एकतीस डिसेंबरच्या आत

४ डिसेंबर
टाइल्सच्या दुकानात राबून माझं काही भलं होत नाही असं वाटत होतं. आज झालं. आमचा अकाउंटवाला चहा पिताना म्हणाला, की आपल्याकडे नसलं तरी या देशात एकतीस डिसेंबरला ज्याचं लग्न झालेलं असेल, तो सरकारच्या लेखी अख्खं वर्ष नवरा. टॅक्स दोघांच्या कमाईवर एकत्र. बायको थोडंफारच कमावत असेल, तर चांगली घसघशीत सूट. पुढेही काहीतरी सांगत होता, पण गिऱ्हाईक आलं.

आमचं लग्न अठरा जानेवारीला. म्हणजे थोडक्यासाठी वर्ष फुकट! तिची कमाई किती हे विचारलं नाही, बरं दिसत नाही. घराच्या मागच्या खोलीत कवळ्या बनवते. दिवसभर दुसऱ्यांचे दात घासून असे किती मिळणार? माझ्या पावपट धरली. नव्या सोफ्याचे पैसे सुटतात.

६ डिसेंबर
तिला म्हटलं, लग्न याच महिन्यात उरकू. तिने विचारलं, उरकू? मी म्हटलं, करू. का, म्हणाली. टॅक्सचं अगदी ओठांवर आलं होतं. बाहेर पडलं ते भलतंच: आता राहवत नाही. तिचे डोळे भरून आले.
हे खोटं नव्हे. राहवत नाहीच. कशामुळे, एवढंच सांगायचं राहिलं. उद्या नक्की.

७ डिसेंबर
नाही सांगितलं. ती खुशीत होती. खुशीतल्या माणसाशी टॅक्सचं बोलू नये.

१० डिसेंबर
घोळ. तिची ताई जहाजावर इंजिनिअर आहे. आई गेल्यावर ताईनेच तिला लहानाचं मोठं केलं, कवळ्यांचा कोर्सही ताईच्या पगारावर. जहाज बंदराला लागणार दहा जानेवारीला. अठरा तारीख धरली होती ती त्यासाठीच. हे मला माहीत होतं. हिशोबात घ्यायचं राहून गेलं.
तिने हातातली कवळी खाली ठेवली. मग म्हणाली, ताईला मी समजावते.
रात्री ताट तसंच सारून ठेवलं. बहुतेक कॅन्टीनचं सूप.

११ डिसेंबर, सकाळ
ठरलं. आज सगळं खरं सांगायचं आणि लग्न अठरा जानेवारीलाच करायचं. सोफा गेला खड्ड्यात.

संध्याकाळ
सोफा बुक केला. सेल होता.

१५ डिसेंबर
ताईचा फोन. वाटलं, आता चांगली झाडणार. तर रडली. म्हणाली, लग्नात तिच्या शेजारी उभं राहायचं एवढंच मनात होतं, पण तुम्हाला तिची इतकी ओढ आहे, तर मी कशाला आड येऊ? शिव्या दिल्या असत्या तर सोसल्या असत्या. हे सोसवत नाही. मी नीच माणूस आहे.
फोन ठेवल्यावर हिशोब पुन्हा तपासला. बरोबर होता.

२३ डिसेंबर
लग्न झालं. नोंदणी कार्यालयात, भिंतीवर पंखा आणि सूचना. ताईच्या जागी साक्षीदार म्हणून शेजारचे आजोबा आले. त्यांची कवळी हिनेच बनवलेली (आजपासून ‘ही’ लिहायचं). फोटोत सगळ्यांत छान तेच हसले आहेत.
हिने शेजारची एक जागा मोकळी सोडली होती. फोटोवाला मला सांगत होता, तिकडे सरका. ही म्हणाली, नको, राहू दे. शरमेने मेलो. आणि त्याच क्षणी मनात आलं, की झालो, वर्षभराचा नवरा झालो! असलं हे माझं मन.

३ जानेवारी
सूट मिळाली की ताईसाठी काहीतरी भारी घ्यायचं. म्हणजे फिटंफाट. झोप लागायला हरकत नाही. लागत मात्र नाही.

९ जानेवारी
दोघांचे कागद अकाउंटवाल्याला दाखवले. त्याने हिचा आकडा पाहिला, मग माझा, मग माझ्याकडे पाहिलं. ही माझ्यापेक्षा जास्त कमावते. दोघंही बऱ्यापैकी कमावते असले, की सूट तर नाहीच, बेरीज वरच्या टप्प्यात जाते आणि टॅक्स वाढतो. हे मी तेव्हाच सांगत होतो, म्हणाला. जानेवारीत लग्न केलं असतं, तर वाचलो असतो. सोफ्याचे सुटायचे होते, ते राहिलं. वर आणखी एका सोफ्याचे गेले.

घरी येऊन हिला सांगितलं, टॅक्स वाढलाय. म्हटलं, आता विचारेल, आता बिंग फुटेल, आणि फुटू दे एकदाचं. ही कवळी घासता घासता म्हणाली, माहीत होतं. हिचा टॅक्स हीच भरते, दर वर्षी. मग बोलली का नाहीस, विचारलं. तर म्हणाली, तू इतकं मनापासून बोलत होतास, त्यात मी टॅक्स कुठे काढू? मला लाज वाटली.
लाज वाटली, हिला!
सांगायला तोंड उघडलं. जांभई दिली.

११ जानेवारी
ताई आली. हिच्या गळ्यात पडली, मग मला जवळ घेतलं. टॅक्सचं हिने तिला आधीच सांगितलं होतं, कौतुकाने. ताईने चेक पुढे केला. वाढलेला सगळा टॅक्स तिच्याकडून, लग्नाची भेट. म्हणाली, पैशाचा विचारही न करता माझ्या बहिणीवर जीव लावणारा माणूस मिळाला, मला आणखी काय हवं?

मी नको म्हणालो. एकदाच.