शिमग्यातला सह्यवज्र

१० फेब्रुवारी, सोमवार

शी. शी. शी.

आठवी ब ला ‘आवडते व्यक्तिमत्त्व’ काढायला दिलं. अख्ख्या वर्गाने पँटवरून चड्डी घातलेले पुरुष काढले. कुणाला पंख, कुणाच्या डोळ्यांतून जाळ. एका मुलीने छातीवर पोळपाटाएवढा गोल काढून त्यात स्वतःचं आद्याक्षर घातलं. इतकी वर्षं मानवी शरीराची प्रमाणं शिकवतोय आणि ह्यांच्या हिरोंचे दंड कमरेपेक्षा जाड. मान कुणालाच नाही. पालथ्या घड्यावर पाणी.

निश्चय: सुपरहिरो या विषयावर उद्यापासून घरात बंदी.

११ फेब्रुवारी

जेवताना बंदी जाहीर केली. सारिका आमटी वाढत होती, वाढतच राहिली. साक्षीने (आमची एकुलती एक, इयत्ता चौथी) शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, वीस मार्चला शाळेत पालकांसमोर भाषण आहे, विषय ‘माझा सुपरहिरो’.

बंदी तूर्त स्थगित.

सहज विचारलं, कुणावर बोलणार. मुलीचा पहिला हिरो तिचा बाप असतो, असं मी कुठेतरी वाचलंय. बहुतेक रिक्षाच्या मागे. ती म्हणाली, सुनीलमामा.

आमटी नाकात गेली.

१२ फेब्रुवारी

डोकं थंड ठेवून विचार केला.

सुनील म्हणजे सारिकाचा धाकटा भाऊ. उमरठच्या पलीकडे वाडीत राहतो, जेसीबी चालवतो. पावसाळ्यात आंबेनळी घाटात दरड आली की ह्याला बोलावतात. लोक त्याला हात जोडतात. का? दरड मशीन उचलतं. हा बसून दांडे ओढतो. बसून काम तर मीही करतो.

मग पुराचं वर्ष. घरात पाणी शिरलं तेव्हा हा ट्रकची ट्यूब घेऊन पोहत आला आणि साक्षीला तिच्यावर बसवून घेऊन गेला. मान्य. पण मी तेव्हा पोटमाळ्यावर होतो. चित्रकलेच्या परीक्षांची सगळ्या शाळेची सर्टिफिकेटं ओली होऊ नयेत ही जबाबदारी कुणाची होती? त्यावर कुणी भाषण करत नाही.

आणि कौतुक केलं की म्हणतो, हाय काय त्यात. हे वाक्य ऐकलं की मला मळमळतं.

१५ फेब्रुवारी, शनिवार

शत्रूचा अभ्यास सुरू. नववीतल्या एकाकडून कॉमिक्सचा गठ्ठा जप्त केला होता, तो वाचून काढला. इतकी किळस मला उघड्या गटाराचीही आली नव्हती.

एकाला किडा चावतो आणि तो भिंती चढायला लागतो. मला मागच्या पावसात विंचू चावला. सरकारी दवाखान्यात पडून होतो, पायाचा भोपळा झाला. शक्ती कसली डोंबलाची! दुसरा केमिकलच्या टाकीत पडून उडायला लागतो. आमच्या आळीतले निम्मे लोक केमिकलमध्ये कामाला आहेत, रविवारी त्यांच्याने उठवतसुद्धा नाही. बाकीचे बहुतेक अनाथ. माझी आई वाईला ठणठणीत आहे, रोज फोन करते. तो मार्ग बंद.

उरतो एकच प्रकार. अंगात कसलीही शक्ती नसलेला, केवळ बुद्धी, ड्रेस आणि निर्धार यांवर उभा राहिलेला. हे वर्णन वाचून मी थबकलो. हा तर मी.

१६ फेब्रुवारी

सह्यवज्र.

नाव सुचलं तेव्हा अंगावर काटा आला. मी वाईचा, नोकरी महाडला, मध्ये सह्याद्री. डिझाइन दुपारीच पूर्ण. जगातला पहिला सुपरहिरो, ज्याची प्रमाणं बरोबर आहेत. संपूर्ण काळा पोशाख (पोट कमी दिसतं). चेहरा पूर्ण झाकणारा मुखवटा. वारा कापायला उंच टोकदार टोपी. काँट्रास्टला लाल कमरपट्टा. मागे केप. चड्डी आत. ह्या मुद्द्यावर तडजोड नाही.

योजना अशी. दरवर्षी होळीला सारिका आणि साक्षी वाडीवर जातात. मी लग्नाला अकरा वर्षं झाली तरी गेलेलो नाही. बोंबा मारत धुळीत नाचणारी माणसं बघून मला शिसारी येते, म्हणून त्या सुमारास माझं पोट दुखतं. यंदाही दुखेल. त्या दोघी पुढे गेल्या की मी गुपचूप मागून. होळीच्या माळावर आंब्याचं झाड आहे, लग्नात पाहिलंय. तिथून दोरीवरून अख्ख्या वाडीसमोर अवतरायचं, एक वाक्य बोलायचं, साक्षीला उचलून घ्यायचं, अदृश्य व्हायचं.

मुखवटा काढायचा नाही. खरा सुपरहिरो ओळख देत नाही. साक्षी आपोआप ओळखेल. रक्ताचं नातं आहे.

२२ फेब्रुवारी

पांडू टेलरकडे डिझाइन दिलं. त्याने कागद उलटासुलटा करून विचारलं, शिमग्याला काय? तारीख तीच असल्याने हो म्हटलं. पुढे त्याने काही विचारलं नाही. एवढा क्रांतिकारक पोशाख, आणि ह्याच्या चेहऱ्यावरची रेष हलली नाही. उलट म्हणाला, टोपी अजून वीतभर वाढवू, नायतर उठून दिसायची नाय. एरोडायनॅमिक्स कळणारा शिंपी महाडात निघेल असं वाटलं नव्हतं.

मग म्हणाला, पांढरी दाढी पण हाय तयार, लावू काय? शी! दाढीवाला सुपरहिरो! ह्या लोकांची अभिरुची म्हणजे आनंदच आहे.

१ मार्च

कमरपट्ट्यावर उपकरणं लावली. टॉर्च, शिट्टी, पान्हा, दोरीचे लोखंडी हूक, घरच्या आणि शाळेच्या किल्ल्या. चाललं की छुम छुम वाजतं. आधी वाईट वाटलं. मग लक्षात आलं, दुष्टांना पूर्वसूचना मिळते.

वडापाव बंद.

५ मार्च

शाळा सुटल्यावर शेडमध्ये दोरीचा सराव. लँडिंग जमलं. लोंबकळणं जमायचं आहे, पण त्याआधीच लँडिंग होतं.

वडापाव दोन. स्टॅमिना.

१२ मार्च, बुधवार

पोट दुखायला लावलं. अभिनय इतका जिवंत की सारिकाने वरही पाहिलं नाही, ओव्याची डबी पुढे सरकवली. साक्षीने मात्र पोटावर हात ठेवला. म्हणाली, बाबा, तुझं दर शिमग्याला दुखतं. ह्या वर्षी तरी चल ना, तिकडे एक सोंग येतं, ते तुला दाखवायचंय.

सोंगं बघायला मी जात नाही, असं सांगितलं. तिने हात काढून घेतला.

मनात म्हटलं, थांब पोरी. उद्या बघ.

१४ मार्च, शुक्रवार, सकाळ

अंग सुजलंय, पण लिहिलं पाहिजे.

काल दुपारी एसटीने पोलादपूर. बोचकं मांडीवर. शेजारचा माणूस खिडकीबाहेर पिचकाऱ्या मारत होता, त्यातली निम्मी आत येत होती. मी सह्यवज्र, आणि माझ्या बाहीवर पान. पुढे रिक्षाने वाडीच्या फाट्यापर्यंत, तिथून चढ.

गोठ्यामागे कपडे बदलले. एका म्हशीने पाहिलं, तोंड फिरवलं.

दिवेलागणीला झाडावर चढलो. खाली होळी रचलेली, वाडी जमलेली, ढोल तापत होते. हूक अडकवला. आणि कळलं की आंब्याला मोहोर असतो तेव्हा तांबड्या मुंग्याही असतात. मुंग्या पायजम्यातून आत शिरल्या. मुखवट्यातही. मी अवतरलो असं म्हणता येणार नाही. मी पडलो. होळीच्या बरोबर पुढे.

उठून माझं वाक्य म्हणालो, अन्यायाचा अंत जवळ आला आहे. पण तेवढ्यात मुंग्यांनी एकदम हल्ला केला आणि मी उडालो. पुन्हा उडालो. हात झाडले, पाय झाडले, कंबर झाडली. कमरेचे हूक, किल्ल्या, पान्हा सगळं खणखणायला लागलं. ढोलवाल्यांनी ताल धरला. वाडीचा म्हातारा गावकर येसाजीबुवा ओरडला, आला रे आला, संकासूर आला! वाटलं कुणी मागून येतंय. वळून पाहिलं. कुणी नव्हतं.

पुन्हा वाक्य म्हणायला गेलो तर येसाजीबुवा दटावून म्हणाला, गप रे, संकासूर कधी बोलतो काय?

पोरं केप ओढत होती. मी सुटायला धावलो तर ती किंचाळत पुढे पळाली, सगळ्यांना वाटलं मी त्यांना पळवतोय. बायकांनी मला धरून बसवलं आणि तान्ही बाळं माझ्या मांडीवर घातली. मग सासूबाई पुढे आल्या, तुळसाबाई. ज्यांनी अकरा वर्षांत मला ‘या’ आणि ‘जेवा’ याखेरीज शब्द दिला नाही, त्या माझ्या पाया पडल्या. गाऱ्हाणं घातलं, आमच्या जावयबापूंचं पोट दर वर्साला दुखतं, तेवढं बरं कर रे बाबा. मला बोलता येत नव्हतं.

आणि साक्षी आली. ती घाबरली नाही. माझं बोट धरून नाचायला लागली. मी तिला खांद्यावर घेतलं. मुंग्या मानेला तोडत होत्या, पण मी तिला खाली ठेवलं नाही. होळीभोवती फेऱ्या घातल्या. ती माझ्या टोपीला मिठी मारून हसत होती. ह्या मुलीला असं हसताना मी घरात ऐकलेलं नाही. मला फार, फार बरं वाटलं. हे खोटं नाही.

ओळखलंय तिने. नक्की. नाहीतर अशी बिलगली असती?

मला वाहिलेला नारळ हातात घेऊन अंधारात सटकलो. बोचकं गोठ्यामागेच राहिलं, कपडे त्यात. पाऊल मुरगळलेलं. फाट्यावर शेवटची एसटी गेलेली. लंगडत चालत होतो, तेवढ्यात घाटाकडून एक पिवळं धूड आलं आणि थांबलं. जेसीबी. वर सुनील.

घाटात ट्रक आडवा झाला होता, दुपारपासून तो काढत होता म्हणे. काही न विचारता हात देऊन वर घेतलं. पोलादपूरपर्यंत मी काही बोललो नाही. संकासूर बोलत नाही. स्टँडवर त्याने स्वतःचा शर्ट आणि लुंगी काढून दिली. (आत बनियन आणि हाफ पँट होती. चड्डी नव्हे.)

मी निघालो तेव्हा मागून म्हणाला, भावोजी, पोटाला जपा.

१५ मार्च, शनिवार

दोघी परत आल्या. साक्षी दारातूनच सुरू. ऐकताना मला कळलेलं असं: दर होळीला वाडीत संकासूर नावाचं सोंग येतं. काळे कपडे, उंच टोकदार टोपी, कमरेला घुंगरं, तोंड झाकलेलं, त्यावर पांढरी दाढी. पांडू टेलरची दाढी आठवली. त्या सोंगाच्या आत कोण आहे हे वाडीत सगळ्यांना ठाऊक असतं, पण ते बोलून दाखवायचं नाही ही रीत आहे. आत असलेल्यानेही नाही.

आणि आत गेली कैक वर्षं सुनील असतो.

साक्षी माझ्या कानाशी येऊन कुजबुजली, कुणाला सांगू नको, मी ओळखलं, मामाच होता. दरवर्षीपेक्षा भारी नाचला. घाटातून थकून आला, पाय मोडला होता तरी मला खांद्यावरून उतरवलं नाही.

मी विचारलं, तुला कसं कळलं मामाच. ती म्हणाली, असं दुसरं कोण करणार?

१६ मार्च

सांगून टाकायचं ठरवलं. पुराव्याला ड्रेस आहे, मानेवर मुंग्यांच्या गांधी आहेत. हे सारिकाला अंगावर उठलेलं पित्त वाटतं, आमसुलाचं पाणी लावतेय.

पण सांगायचं म्हणजे आधी हे सांगायचं की पोट दुखत नव्हतं. ह्या वर्षी नव्हतं, आणि आधीच्या दहा वर्षांतही नव्हतं.

मी मोठेपणा दाखवायचं ठरवलं. सुपरहिरोला त्याग करावा लागतो.

१८ मार्च

सुनीलला फोन केला. म्हटलं, साक्षीला तूच सांग की तो तू नव्हतास. तो म्हणाला, नाय भावोजी, आत कोन व्हता ते सांगायचं नसतं. होय पण म्हणायचं नाय आणि नाय पण म्हणायचं नाय. रीत हाय ती. मग म्हणाला, तुमी स्वतः सांगा की पोरीला, घरातल्या घरात काय रीत न् काय नाय.

किती साळसूद. ह्याचीच मला चीड येते.

पुढे म्हणाला, नाचलात मात्र झकास, येसाजीबुवा अजून आठवण काढतोय. मी फोन ठेवला. मग त्याच वाक्यासाठी पुन्हा करावासा वाटला. केला नाही.

२० मार्च, गुरुवार

शाळेचा हॉल. पंखे बंद, माईक शिट्टी मारतोय. आधीची मुलं त्याच चड्डीवाल्यांवर बोलली. पालकांनी मोबाइल धरलेले. सुनील मागच्या बाकावर, साक्षीने बोलावलं म्हणून आलेला, अंगावर इस्त्रीचा शर्ट.

साक्षी बोलली. उडणाऱ्या माणसांपेक्षा माझा सुपरहिरो मोठा आहे, म्हणाली, कारण तो स्वतःचं नाव सांगत नाही. यंदा होळीला त्याने मला खांद्यावर घेतलं आणि त्याचा पाय दुखत होता, मला कळत होतं. शेवटी म्हणाली, माझे बाबा त्या दिवशी घरी आजारी होते. त्यांना शिमगा आवडत नाही. पण ते असते तर त्यांनी पण टाळ्या वाजवल्या असत्या.

सगळे टाळ्या वाजवायला लागले. सुनील अर्धा उठला, माझ्याकडे बघून तोंड उघडलं. रीत मोडायला निघाला होता गाढव. मी मान हलवली. नको.

टाळ्या वाजवल्या. पुष्कळ वेळ. पुढच्या बाकावरच्या बाईने वळून पाहिलं.

२१ मार्च

सारिकाने विचारलं, पोट कसं आहे. बरं आहे म्हटलं. तरी ओवा दिला.

खाल्ला.