एवाल्दोची एक नंबरची जर्सी

१४ मार्च, शनिवार

जिंकलो, १-०. तरी घरी येऊन ताट तसंच झाकून ठेवलं.

सत्तराव्या मिनिटाच्या आसपास त्यांचा कॉर्नर. एवाल्दो, आमचा गोलकीपर, बॉलवर झेपावला आणि त्यांच्या स्ट्रायकरचा गुडघा थेट त्याच्या कानशिलावर. आवाज बेंचपर्यंत आला. बॅग उचलून धावले. डोळे उघडे होते, पण दोन-तीन सेकंद माझ्याकडे बघत नव्हता. मग हसला. "आय ॲम गुड, बाई." गोव्यात एक सीझन खेळलाय, तेव्हापासून मराठी-कोंकणी फिजिओ म्हणजे बाई. नेहमीचे प्रश्न विचारले: कुठलं ग्राउंड, कितवा हाफ, शेवटचा गोल कोणाचा. सगळी उत्तरं बरोबर. उभा राहिला. स्टिपे, आमचा कोच, लाइनवरून ओरडत होता, "मृणाल! येस ऑर नो?"

मी अंगठा वर केला.

गाडीत बसल्यावर आठवलं. गोलचं विचारलं तेव्हा उत्तर द्यायच्या आधी त्याने आमच्या डिफेंडरकडे बघितलं. डिफेंडरचे ओठ हलले. मला ते दिसलं होतं. दिसूनसुद्धा मी...

१५ मार्च, रविवार

नियम मलाच पाठ आहे. डोक्याला मार बसल्याची शंका आली की खेळाडू बाहेर. खात्री लागत नाही, शंका पुरते. प्री-सीझनला सगळ्या टीमला बसवून हे मीच शिकवलं होतं.

मेसेज केला, डोकं दुखतंय का. उत्तरादाखल एक अंगठा.

निखिल म्हणाला, "मोठा माणूस आहे, दुखत असतं तर सांगितलं असतं ना त्याने." नवरा सॉफ्टवेअरमधला. त्याच्याकडे लोक बिघाड सांगायला येतात. माझ्याकडे लपवायला.

१७ मार्च, मंगळवार

ट्रेनिंग. उंच बॉल आला की एवाल्दो (यापुढे नुसता ए.) मान किंचित डावीकडे वळवतो. आधी असं नव्हतं. दोन साधे क्रॉस हातातून निसटले, पोरं हसली, तोही हसला. फ्लडलाइट लागले तशी टोपी घातली. "लाइट व्हेरी स्ट्राँग टुडे." लाइट रोजचेच होते.

वहीत लिहिलं नाही. क्लबच्या वहीत, म्हणजे.

१९ मार्च, गुरुवार

पाडवा. गुढी बॅकयार्डमध्ये, कपडे वाळत घालायच्या खांबाला बांधून. लेकीची मैत्रीण यायची होती. इरा म्हणे, "मिया यायच्या आधी काढशील? इट लुक्स लाइक अ स्केअरक्रो." नऊ वर्षांची आहे, चालायचंच. तरी लागलं थोडं.

संध्याकाळी ट्रेनिंगआधी ए. खांदा दाखवायला टेबलावर येऊन बसला. खांद्याला काही नव्हतं. बोलायचं होतं त्याला.

गाव ब्राझीलच्या ईशान्येला, समुद्राकाठी. वडील मिठागरात कामाला. गावचं ग्राउंड आगराला लागून, पडलं की खरचटलेल्या गुडघ्यात मीठ जायचं. "म्हणून गोलकीपर झालो का? नाही. उंच होतो म्हणून." सतराव्या वर्षी पहिला क्लब. मग ब्राझीलमध्येच आणखी एक, पोर्तुगालचं दुसरं डिव्हिजन, व्हिएतनाम, गोवा, मलेशिया. सगळीकडे दुसरा गोलकीपर. म्हणजे आठवडाभर पहिल्यापेक्षा जास्त बॉल खायचे, आणि मॅचच्या दिवशी बसायचं. गोव्यात अख्ख्या सीझनला दोन मॅच. व्हिएतनाममध्ये एकही नाही. "पण टीम फोटो छान आलाय."

"पहिल्याचा हात मोडायची वाट बघायची," म्हणाला, "आणि मोडू नये म्हणून प्रार्थनाही करायची. कारण तो मित्र असतो."

वय चौतीस. एक नंबरची जर्सी पहिल्यांदा मिळाली ती इथे, मेलबर्नच्या उत्तरेला, जिथे शनिवारी तीन-चारशे माणसं येतात आणि त्यातली निम्मी सॉसेज खायला. जर्सीतला फोटो आईला पाठवला, तिने तो फ्रेम करून देवाशेजारी लावला.

उठताना म्हणाला, "सो, बाई. प्लीज." मी विचारलं नाही, प्लीज कशासाठी.

२८ मार्च, शनिवार

शेवटच्या मिनिटाला पेनल्टी, आणि ए.ने ती अडवली! खाली झेपावून, दोन्ही हातांनी. सगळे मैदानात धावले, सॉसेज भाजणारे काका चिमट्यासकट. स्टिपे रडला. मीही ओरडले, घसा बसलाय.

स्टँडमध्ये त्याची बायको होती, दाइआने. ती टाळ्या वाजवत नव्हती. माझ्याकडे बघत होती.

३१ मार्च, मंगळवार

आठवडाभर मी क्रेगीबर्नच्या क्लिनिकमध्ये असते. दाइआने आज तिथे आली, अपॉइंटमेंट न घेता, वृद्धाश्रमाच्या युनिफॉर्मवर. तिथेच काम करते ती.

म्हणाली, दुकानात जातो आणि मला फोन करतो, काय आणायला आलोय? या आठवड्यात तीनदा. गॅस चालू ठेवला एकदा. बायबल वाचताना ओळी उड्या मारतात म्हणतो. "डॉक्टरला सांग. पण मी आले होते हे त्याला सांगू नकोस."

मी विचारलं, व्हिसा? त्यांचा दोघांचा व्हिसा क्लबच्या जोरावर आहे, तो खेळतोय तोवर.

"व्हिसाचं मी बघेन. मी दिवसभर म्हाताऱ्यांना त्यांची नावं सांगते, मृणाल. घरी येऊन नवऱ्याला नाही सांगायचंय मला."

ती गेल्यावर पुढच्या पेशंटचा चुकीचा गुडघा धरला.

१ एप्रिल, बुधवार

क्लबच्या डॉक्टरला मेल लिहिली. पाठवली नाही.

खरं कारण लिहून ठेवते, निदान इथे तरी. पहिला प्रश्न येणार, मार कधी बसला? चौदाला. कोणी तपासलं? मी. मग अडीच आठवडे काय केलंस? फिजिओचं रजिस्ट्रेशन मिळवायला चार वर्षं गेली माझी. पुण्याची डिग्री इथे धरली नाही, पुन्हा युनि, पुन्हा परीक्षा, पोटात इरा असताना. ए.ला वाचवतेय म्हणून गप्प नाहीये मी. स्वतःला वाचवतेय.

४ एप्रिल, शनिवार

ईस्टर, मॅच नाही. बरं वाटलं. बरं वाटल्याची लाज वाटली.

७ एप्रिल, मंगळवार

बोलले शेवटी. ट्रेनिंगआधी, कार पार्कमध्ये, सरळ. तुला नीट दिसत नाहीये. ए.ने नाही म्हटलं नाही.

"किती आठवडे बाहेर?"

"मला माहीत नाही. डॉक्टर ठरवेल."

"सहा मॅच दे मला. मग जातो डॉक्टरकडे. आईची शपथ."

सांगितलं त्याला, पहिला मार भरून यायच्या आत दुसरा बसला तर काय होऊ शकतं ते. सगळं सांगितलं, मऊ न करता. ऐकलं त्याने. मग म्हणाला, "मी इतकी वर्षं थांबलो, बाई. तुला सहा शनिवार थांबता येत नाही?"

उत्तर एका शब्दाचं होतं, नाही. ते न देता मी बॅग उचलून आत गेले.

मेल अजून ड्राफ्टमध्येच.

११ एप्रिल, शनिवार

विसावं मिनिट. फ्री किक, लांबून, काही खास नाही. बॉल सरळ त्याच्या तोंडावर आदळला आणि त्याचे हात दुसरीकडेच होते. फूटभर खाली. पडला, एका गुडघ्यावर.

रेफरीने बोलवायच्या आधीच आत गेले.

"बाहेर," म्हटलं.

"नो." गोलचा खांब धरून उभा राहिला. "प्रश्न विचार. आस्क मी!"

"नाही विचारणार. उत्तरं तू पाठ करून येतोस."

स्टिपे आला. एकदा त्याच्याकडे, एकदा माझ्याकडे. "युअर कॉल, मेट. बट यू ओन इट."

"हो. माझा."

ए.ने रागाने ग्लव्ह काढायला घेतला. मनगटाचा पट्टा ओढायला गेला आणि त्याची बोटं हुकली. पुन्हा गेला, पुन्हा हुकली. मग वर बघितलं, मी बघतेय हे त्याला कळलं. हात तसाच पुढे केला. पट्टा मी काढला.

बेंचवर बसला, गुडघ्यांवर टॉवेल टाकून, सवयीच्या माणसासारखा. मला तेवढं बघवलं नाही. हरलो, ०-३.

डॉक्टरला तिथूनच फोन केला. दाइआने त्याला इमर्जन्सीला घेऊन गेली. स्कॅनमध्ये रक्तस्राव नाही, पण स्पेशालिस्टला दाखवा म्हणाले, तोवर खेळ बंद.

१२ एप्रिल, रविवार

रिपोर्ट पाठवला. चौदा मार्चपासून सगळं. डिफेंडरचे ओठही.

निखिलने वाचला. "हे वाक्य कशाला? कोणी बघितलं नव्हतं."

"मी बघितलं होतं."

तो चहा करायला उठला. दोन कप केले, माझा ओट्यावरच ठेवला.

१६ एप्रिल, गुरुवार

क्लबचं पत्र. चौकशी होईपर्यंत ग्राउंडवर यायचं नाही, खेळाडूंशी संपर्क ठेवायचा नाही. फिजिओंच्या असोसिएशनच्या वकीलबाईंचा फोन: कोणाशीही एक शब्द नको.

स्टिपेचा मेसेज, दोन ओळी. यू डिड राइट. अ मंथ लेट.

ए.कडून काही नाही. पत्र यायच्या आधी केलेला मेसेज त्याने वाचलाय.

२ मे, शनिवार

दुपारी तीन वाजता काय करायचं कळत नाही. कपाटं आवरली. आईचा पुण्याहून फोन, "आज मॅच नाही का तुझी?" सुट्टी आहे म्हटलं. तिला इतक्या वर्षांत फुटबॉलमधलं काही कळलेलं नाही, पण माझा शनिवार कळतो.

स्कोअर फोनवर बघितला. हरले. एक नंबर आता ल्यूक घालतो, जो ए.च्या मागे दुसरा होता. बरा खेळतो म्हणे.

१९ मे, मंगळवार

ए.चा फोन आला! क्लिनिकमध्ये, लंच ब्रेकला. पाच आठवड्यांनी आवाज ऐकला. हळू बोलतो आता, शब्द शोधत.

"गुरुवारी स्पेशालिस्ट. दाइआनेची शिफ्ट आहे. तू चल."

म्हटलं, मला परवानगी नाही, तुझ्याशी बोलतेय हेसुद्धा...

"मी खोटं बोलेन, बाई. डॉक्टर विचारेल, मी म्हणेन ऑल गुड. मला येतं ते, वीस वर्षं केलंय. तू समोर बसलीस तर जमणार नाही."

निखिलशी भांडण. दार लावून, इराला ऐकू जाऊ नये म्हणून. "वकीलबाई काय म्हणाल्या विसरलीस? रजिस्ट्रेशन गेलं तर परत शिकणार आहेस का तू? चाळिशीत?" तो चुकीचं बोलत नव्हता. "एका माणसासाठी?" तेवढं मात्र चुकीचं होतं. मी म्हटलं फक्त, की जातेय.

२१ मे, गुरुवार

गेले. ए. बारीक झालाय. गाडीत काळा चष्मा, पायांशी बॅग.

डॉक्टर वयस्कर, घाई नसलेले. मला विचारलं, तुम्ही कोण? मी काही म्हणायच्या आत ए. म्हणाला, "शी टुक मी ऑफ." त्यांनी मान डोलावली, लिहून घेतलं काहीतरी.

दिसण्याबद्दल विचारलं. ए.ने माझ्याकडे बघितलं. मग सांगितलं, "दोन बॉल दिसतात. एक वर, एक खाली. मी खालचा पकडतो. बहुतेक वेळा खालचा खरा असतो."

बहुतेक वेळा. म्हणजे ग्राउंडवरच्या बेंचवर बसून मी ज्याच्यासाठी ओरडायचे, तो प्रत्येक शनिवारी हे करत होता.

"केव्हापासून?"

"मलेशिया."

मला वाटलं ऐकण्यात चूक झाली. मलेशिया म्हणजे तीन वर्षांपूर्वी. मार बसले ते मॅचमध्ये नाही, सरावात, जवळून मारलेले शॉट. दोनदा बेशुद्ध. तिथे कोणी लिहून ठेवलं नाही, कारण दुसऱ्या गोलकीपरचं कोण लिहितं.

खुर्चीत बसल्या बसल्या मला सुटल्यासारखं वाटलं. माझ्यामुळे नाही, माझ्या आधीपासूनचं आहे! असं चक्क मनात आलं, तो शेजारी बसलेला असताना. मग त्या चौदा तारखेपासून मी त्याला आणखी किती बॉल खाऊ दिले, ते मोजायला लागले.

तीन महिने बॉलला हात नाही. आणखी तपासण्या. डोळ्यांचे व्यायाम. सुधारू शकतं. नाहीही.

"फुटबॉल?"

"ऑगस्टमध्ये बघू."

"येस ऑर नो?"

"मला माहीत नाही," डॉक्टर म्हणाले. इतकं सरळ की राग येईना.

परतताना हायवेवरून उतरल्यावर ए. म्हणाला, ग्राउंडवर सोड. गुरुवार, ट्रेनिंगचा दिवस. गेटपाशी थांबवली, आत जायची मला बंदी. गाड्या लागल्या होत्या, आतून बॉलचे आवाज.

"स्टिपेला काय सांगू?"

"डॉक्टर म्हणाले तेच."

"ते तर म्हणाले, माहीत नाही."

दार उघडून उतरला, पायांशी होती ती बॅग ओढून घेतली. किटची बॅग. डॉक्टरकडे जाताना ती का आणली असेल, हे मी विचारलंच नव्हतं. सामान परत करायला, की घालायला. हाक मारावीशी वाटली. खांद्याला बॅग लावून तो शेडच्या पलीकडे गेला, उजवीकडे. उजवीकडे ऑफिसही आहे आणि चेंजिंग रूमही.

वीस मिनिटं थांबले. फ्लडलाइट लागले. आतून कोणीतरी मोठ्याने ओरडलं, शिटी वाजली, पुन्हा बॉलचे आवाज सुरू झाले. इराला स्विमिंगवरून घ्यायचं होतं. निघाले.