बिनकोंबडीचा बेचाळीस नंबर

दि. ९ फेब्रुवारी

प्रिय बारके,

अनेक आशीर्वाद. मी बरी आहे, आई बरी आहे, तुम्ही दोघं बरे असालच. नसाल तरी लिहू नकोस, इथे मला हसत बसायला वेळ नाही.

तुझी चिठ्ठी मिळाली. लाँड्रीच्या काउंटरवर ठेवून पळालीस म्हणे. मालकीणबाई सांगत होत्या, "तुमच्यासारखीच दिसणारी, पण जरा नाजूक." मी मागे पडद्याआड इस्त्री करत होते. पडदा सरकवला असतास तर भेट झाली असती. पण सरकवला नाहीस ते बरं केलंस, हातात गरम इस्त्री होती.

तर तुला चायनीजच्या मेनूवरचा बेचाळीस नंबर घरी कसा करायचा ते हवंय, कोंबडीशिवाय. इतक्या महिन्यांत तोंड दाखवलं नाहीस आणि आता मागतेस काय, तर सॉसचं माप. माझा माणूस नेलात, माझी ती खोल निळी कढई नेलीत, तेवढी कृती राहिली होती. तीही घेऊन जा. चिठ्ठीत लिहिलंयस, "ताई, मोठ्या मनाने दे." मोठं ते तुला द्यायची सवय मला तू रांगत होतीस तेव्हापासून आहे. माझ्या ताटात मोठा तुकडा आला की मी तो उचलून तुझ्या ताटात टाकायचे आणि आई कौतुकाने बघायची.

आईचं सांगायचं तर तो गेल्यापासून ती माझ्याकडेच राहते. गुडघे दुखतात, जीभ शाबूत आहे. तो गेला हे तिला सांगितलंय. कोणाबरोबर गेला ते सांगितलेलं नाही. तू दुसऱ्या गावच्या प्राण्यांच्या दवाखान्यात कामाला लागलीस, असं ती समजते. परवा म्हणाली, "बरं झालं बाई, हे सगळं बघायला बारकी इथे नाही." मी हो म्हणाले.

आता कृती. कोपऱ्यावरच्या त्या चायनीज दुकानात बेचाळीस नंबरला मिळतं तसं तिखटगोड हवं असेल तर टोफू घट्ट बघून घे. रात्रभर बर्फाच्या कप्प्यात ठेव, सकाळी बाहेर काढ, वितळला की दोन्ही तळव्यांत धरून दाब. सगळं पाणी निघालं पाहिजे. घाई केलीस तर भुगा होईल. सुरी लावू नकोस, हाताने तोड. कापलेला तुकडा गुळगुळीत होतो, त्याला सॉस धरत नाही. तोडलेल्याच्या कडा ओबडधोबड होतात आणि तळल्यावर अगदी कोंबडीच्या वाटतात. मीठ, मिरपूड, कॉर्नफ्लोअर लावून तळ, गार होऊ दे, पुन्हा तळ. दुसऱ्यांदा तळायचा कंटाळा करशील, तुझा स्वभाव मला माहीत आहे. करू नकोस. सुके मशरूम भिजवलेलं पाणी ओतून देऊ नकोस, दुकानात कोंबडीचं पाणी घालतात त्याच्या जागी ते. मग सोया सॉस, व्हिनेगर, साखर, लसूण, अख्ख्या लाल मिरच्या. तिळाचं तेल सगळ्यात शेवटी, गॅस बंद केल्यावर.

आलं मात्र किसूनच घाल. दाताखाली आलेलं आलं तुला चालत नाही, हे मला तुला दात आले तेव्हापासून ठाऊक आहे.

तू मांस, दूध, अंडं सगळं सोडलंस तेव्हा मला नवल वाटलं नव्हतं. मुंगी चिरडली तरी दिवसभर रडणारी मुलगी तू, त्यात दवाखान्यातली नोकरी. पण त्यानेही महिन्याभरात सोडलं. दर शुक्रवारी बेचाळीस नंबर खाणारा माणूस, रंगाच्या दुकानात डबे ढवळणारा, त्याला एकाएकी कोंबड्यांचा पुळका का आला, हे मला तेव्हाच विचारायला हवं होतं. मी बावळट, तब्येतीला बरं म्हणून खूश झाले आणि टोफू दाबायला बसले.

करून बघ. तो पहिला घास घेऊन काय म्हणतो, ते मला शब्दाला शब्द कळव. दुसरं काही नको.

तुझी,
ताई


दि. २६ फेब्रुवारी

प्रिय बारके,

आशीर्वाद आहेतच. आई जेवून झोपलीय, म्हणून निवांत लिहिते.

"काहीतरी कमी आहे." हेच ना? मान जराशी तिरपी करून, दुकानात गिऱ्हाइकाने आणलेला भिंतीचा पोपडा उजेडात धरतो तशी. मग चमचा खाली. मग तुझ्याकडे न बघता पाण्याचा घोट. तू चार ओळींत लिहिलंस, पण मला सगळं दिसलं.

तीनदा केलंस, तिन्ही वेळा तेच म्हणाला, आणि आता तू मला लिहितेस की ताई, तू मुद्दाम काहीतरी वगळलंस, सांग ना काय राहिलं. तुला माझ्याकडून तेवढीच अपेक्षा असणार. पण आईची शपथ, काही राहिलेलं नाही. मी जसं करत होते तसंच्या तसं लिहिलंय. वगळलं असतं तर तुझं बरंच झालं असतं, नाही का? ते घातलं की संपलं.

मीही असंच शोधत बसायचे. व्हिनेगर बदललं, साखर बदलली, तीळ भाजून बघितले. लाँड्रीत वाफेत उभी राहून लोकांच्या विजारींना कडा पाडताना डोक्यात एकच, काय कमी असेल. शेवटी लाज सोडून त्या कोपऱ्यावरच्या आचाऱ्याकडे गेले. तो मागच्या दाराशी कांदे सोलत बसला होता. म्हणाला, "बाई, हे घरी जमायला लागलं तर मी विकू काय?" पण माझं तोंड बघून त्याला दया आली असावी. मशरूमच्या पाण्याचं त्यानेच सांगितलं. मी धावत घरी आले, केलं, वाढलं. ह्याने मान तिरपी केली.

त्याचं डोकं कसं चालतं, तुला अजून कळायचंय. दुकानात सगळे त्याला मानतात, कारण पांढऱ्या रंगाच्या डब्यात काळ्याचा एक थेंब जास्त पडला तरी तो ओळखतो. माणसाला असं एकदा नाव मिळालं की तो घरीही थेंब शोधत फिरतो. माझ्या साडीत, माझ्या बोलण्यात, मी पाहुण्यांना दिलेल्या चहात. काय कमी आहे ते कधी सांगायचा नाही. सांगता आलं असतं तर मी ते आणून घातलं असतं, कुठूनही.

मग एका शुक्रवारी मी टोफू आणलाच नाही. काम संपवून कोपऱ्यावर गेले आणि बेचाळीस नंबर घेतला. खरा, कोंबडीचा. आचारी म्हणाला, "हरलात वाटतं." मी पैसे दिले. घरी येऊन निळ्या कढईत ओतला, गरम केला, तीळ टाकले, लसूण जाळून जरा धूर केला, दुकानाचे डबे खाली नेऊन शेजारच्यांच्या कचऱ्यात टाकले. आणि त्याच्यापुढे वाढलं.

त्याने खाल्लं. मान तिरपी केली. म्हणाला, "बरं झालंय. पण काहीतरी कमी आहे. दुकानातल्यासारखं नाही."

बारके, इतकी वर्षं जे खाऊन मोठ्ठा झाला ते त्याला ओळखता आलं नाही. कढई माझी होती, हात माझा होता, तेवढं त्याला पुरलं. तेव्हा मला कळलं की मी जगातली कुठलीही बाटली आणून ओतली तरी फरक पडणार नाही. वाढणारी बदलली की चव बदलेल, असं त्याला वाटत होतं. आता वाढणारी बदललीय. तू नाजूक आहेस, माझ्याहून लहान आहेस, केस अजून काळे आहेत, आणि तुलाही तो तेच म्हणतो. किती लवकर म्हणाला, ते वाचून मला मनापासून हसू आलं. मला निदान लग्नानंतर दोन वर्षं त्याने गोड बोलून काढली होती.

आता हे तुझ्याकडे आहे. त्याला सांगायचं तर सांग, की त्याने खरी कोंबडी खाल्ली आणि त्याला कळलंही नाही. मला तो काही करू शकत नाही, मी समोर नाही. सांगणारी तू समोर असशील. आणि नाही सांगितलंस तर दर शुक्रवारी त्याची मान तिरपी होताना बघत बस.

बरंच हलकं वाटतंय लिहून.

तुझी,
ताई


दि. ५ मार्च

बारके,

तुझं एका ओळीचं पत्र मिळालं. "ताई, त्या शुक्रवारी मी होते का?" खाली काही नाही, वर काही नाही.

ते ॲप्रनच्या खिशात घालून मी दिवसभर इस्त्री करत होते. मालकीणबाईंनी नवीन यंत्र आणलंय, शर्टाची कॉलर आपोआप बसते. आईच्या डोळ्यांत थेंब घालायला सांगितलेत, दोन्ही वेळा मीच घालते. काल थेंब घालताना म्हणाली, "बारकीचा हात हलका आहे, ती असती तर टोचलं नसतं." मी थेंब घालत राहिले.

आता उत्तर देते.

त्याच्या आदल्या शुक्रवारी मी आलं सोलत होते. तू बाहेर टेबल लावत होतीस, तुम्ही दोघं व्हीगन म्हणून दर शुक्रवारी तुला माझ्याकडेच जेवायला बोलवायचं, हा माझाच उत्साह. तो स्वयंपाकघरात आला, सुरीकडे बघून म्हणाला, "किसून घाल. दाताखाली आलेलं तिला चालत नाही."

मी म्हटलं, "कोणाला?"

"तिला," म्हणाला. आणि काडेपेटी शोधायला लागला. शेगडी पेटलेली होती.

मला काय चालतं, काय चालत नाही, त्याला कधी सांगता आलं नसतं. आणि तोवर तो तुला बारकी म्हणायचा, तू त्याला भावोजी म्हणायचीस. "तिला" असं तो पहिल्यांदाच म्हणाला. मी आलं किसलं. तुम्हा दोघांना वाढलं. रात्रभर भिंतीकडे तोंड करून पडून राहिले आणि ठरवलं.

पुढच्या शुक्रवारी तू दवाखान्यातून थेट आलीस. बाहीवर मांजराने ओरबाडलेलं होतं. खूप आनंदात होतीस. सायकलखाली सापडलेली एक म्हातारी कोंबडी तुम्ही वाचवली होती, तिच्या पायाला तू स्वतः काडी बांधली होतीस, ती तुझ्या मांडीवर कशी झोपली ते तू हात करून दाखवत होतीस. मी ऐकत होते आणि कढई गरम करत होते.

त्याने मान तिरपी केली आणि म्हणाला ते म्हणाला. तू मात्र डोळे मिटून घास खाल्लास आणि म्हणालीस, "काही कमी नाही. ताई, आजचं सगळ्यात चांगलं झालंय. अगदी खऱ्यासारखं." तेवढ्या सगळ्या शुक्रवारांत माझ्या हाताला चांगलं म्हणणारी तू एकटीच होतीस. त्याला राग येऊ नये म्हणून म्हणायचीस की मला बरं वाटावं म्हणून, हे मी स्वतःला विचारत नाही.

पहिल्यांदा वाढलं ते रागाने वाढलं. ते तुला माफ करता आलं तर कर, नाही आलं तर नको. पण मग तू ताट पुढे केलंस आणि म्हणालीस, "ताई, अजून थोडं." तेव्हा राग उरला नव्हता. तुझ्या बाहीवरचं रक्त सुकलेलं दिसत होतं, तुझ्या ओठाला तीळ लागला होता, तू माझी बारकी दिसत होतीस. कढईत थोडंच राहिलं होतं, संपलं म्हटलं असतं तरी चाललं असतं.

मी मोठे तुकडे बघून तुला वाढले, आणि तू ताट पुसून घेईपर्यंत समोर बसून राहिले.

यापुढे जेवलीस का म्हणून तुला मी कधी विचारणार नाही.

ताई