शेन शेठचे शेवटचे रीळ

मी, यामिनी गोविंद गुप्ते, वय एक्क्याऐंशी, निवृत्त शिक्षिका, राहणार निजामपुरा, भिवंडी, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही धाकात नसताना हे मृत्युपत्र लिहीत आहे. आधीचे मृत्युपत्र मी थोरल्या भावावर, हरीदादावर, चिडून केले होते. ते रद्द समजावे.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक माझा भाचा गंधार हरी गुप्ते यास मिळावी. खोल्या भाड्याने द्यायच्या तर त्याने खुशाल द्याव्यात. माझी हरकत नाही. हल्ली ती कशालाच नसते.

२. शिलाई मशीन शेजारच्या दिपालीस द्यावे. त्याची कात्री तिच्याकडे आधीच गेलेली आहे.

३. पत्र्याचा गोल डबा. हे सविस्तर लिहिते, कारण घरातले भांडण यावरूनच होते.

माझे वडील शांघायला शेन शेठ नावाच्या चित्रपट निर्मात्याकडे कारकून होते. शेन शेठनी रेशमाचे दुकान विकून कॅमेरा घेतला, मूकपट काढले. बॉम्बहल्ल्यात स्टुडिओ जळाला, तो पुन्हा उभारला. मग बोलपट आले आणि त्यांचे मूकपट कोणी लावीना. लढाई पेटल्यावर बाबा परत निघाले, तेव्हा शेठनी आपल्या शेवटच्या चित्रपटाचे शेवटचे रीळ त्यांच्या हाती दिले. "सांभाळा, मी मागवून घेईन," म्हणाले. त्यांचा निरोप कधी आला नाही.

दसऱ्याला आमच्या गल्लीत माग बंद ठेवून त्यांना हळदकुंकू लावतात. बाबा डबा उघडून रिळाला लावीत, वर पाणी शिंपडत आणि चित्रपटाची गोष्ट सांगत. एक मुलगी नदीकाठी हरवलेल्या भावाची वाट बघत असते.

"मग येतो का तो?" मी विचारी.

"शेन शेठ आले की भिंतीला चादर लावून बघू. शेवट आधी सांगायचा नसतो."

बाबांनंतर हरीदादाने पूजा चालवली. रीळ चित्रपट संग्रहालयाला दे, म्हणून मी त्याच्यापुढे कितीदा डोके फोडले. "दुसऱ्याची वस्तू तिसऱ्याला कशी द्यायची?" हे त्याचे उत्तर. शेवटी मी त्याच्याशी बोलणे टाकले. गेल्या वर्षी तो वारला. मी गेले, बसले, चहा घेतला. रडू आले नाही.

मग डबा माझ्याकडे आला. संग्रहालयाच्या माणसाने उघडला, तर रिळाची गुळासारखी ढेप झालेली. एकही चित्र सुटले नाही. "यात पाणी कसं गेलं?" त्याने विचारले. मला राग यायला हवा होता. तोही आला नाही.

आमच्या ओळखीचे, अंजूरचे गोदामवाले केसरीनाथ म्हणाले, "बाय, ह्यो जुना फिलम पेट घेतो. घरान ठेवू नको, माज्या गोडाऊनात तर न्हायच न्हाय." म्हणून ढेप संग्रहालयाला दिली. रिकामा डबा गंधारला द्यावा, त्याला तो दसऱ्याला पूजेत हवा आहे. पाणी शिंपडायचे तर शिंपडावे. आता काही बिघडायचे नाही.

४. शेन शेठच्या घरचे कोणी आलेच, तर डबा त्यांचा. आम्ही दरवर्षी पूजा केली, एवढे त्यांना सांगावे. चित्रपटाचा शेवट ठाऊक असेल तर विचारून घ्यावा आणि माझ्या व हरीदादाच्या फोटोपुढे मोठ्याने सांगावा. त्यालाही तो माहीत नव्हता.

वाचून, समजून सही केली.

यामिनी गोविंद गुप्ते

साक्षीदार, आम्हा दोघांसमोर सही झाली:
१. केसरीनाथ काळूराम पाटील, अंजूर
२. डॉ. अनिमेष राजे, भिवंडी

भिवंडी, १५ ऑक्टोबर २०२५