केतकीच्या सलूनमधले मासिक

सोमवार, ३ मार्च
मी मधुकर रामराव शेटे, बी.कॉम., राहणार बीड, व्यवसायाने करसल्लागार. घरात उद्भवलेल्या एका प्रसंगातील माझ्या वर्तनाची नोंद राहावी, एवढ्यासाठी हे लिहितो.

मुलगी केतकी पुण्याच्या एका कंपनीसाठी घरूनच व्हिडिओ गेममधील दृश्ये तयार करते. सध्या मांजरसुंब्याच्या फाट्यावरचे १९८६ सालचे सलून. शुक्रवारी पसंत पडले तर नोकरी कायम; नाहीतर पुन्हा अर्ज. त्यातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरचे वार तपासायला तिने मला बोलावले. वार बरोबर होते. आरशाशेजारी मात्र विलायती मासिकाचे मुखपृष्ठ चिकटवलेले. त्यावरील बाईंच्या अंगावर टोपीखेरीज काही नव्हते.

"परदेशी गेममध्ये जुना काळ दाखवायला असंच लावतात, बाबा. साहेबांनीच सांगितलंय."

मी "ठीक" म्हणालो. ठीक नव्हते.

मंगळवार, ४ मार्च
आक्षेप नैतिक नाही, हे नमूद करतो. आक्षेप वस्तुस्थितीचा आहे. वर गणपतीची तसबीर आणि खाली ते चित्र, असे सलून फाट्यावर दुपारपर्यंतही टिकले नसते. असली मासिके उघड लावत नसत. मग कोठे ठेवत, कोणास देत... हे बापाने मुलीला कोणत्या तोंडाने सांगावे? न सांगावे तर चुकीचे काम पुढे जाणार, आणि नोकरी तिची जाणार.

बुधवार, ५ मार्च
कॉलेजपासूनचा मित्र सलीम याच्याकडे गेलो. विनंती इतकीच, की ही माहिती त्याच्याकडून मिळाली असे केतकीला सांगू द्यावे.

"माझं नाव कावून बे? सलूनात तुझा नंबर आला तरी दुसऱ्याला पुढं धाडायचास तू. मी तर कटिंग करून घरी जायचो."

चहा अर्धा ठेवून निघालो.

गुरुवार, ६ मार्च
जेवताना विषय काढला. "त्या काळची एकंदर सामाजिक परिस्थिती पाहता" येथपर्यंत पोचलो. तेवढ्यात सौ. सुलभा, भाकरी वाढता वाढता, केतकीला म्हणाली, "भिंतीवर कुठलं गं? असल्या मासिकाला वरून शेतीच्या मासिकाचं कव्हर लावलेलं असायचं. आमचे लिंबागणेशचे काका सलूनात शेतीचं मासिक लई वाचायचे. घरी आलेलं कदी उघडलं न्हाई."

केतकीला ठसका लागला. मी पाणी दिले. कव्हरवर कापूस असावा, ऊस नको, फाट्याकडचा भाग कोरडवाहू, एवढीच दुरुस्ती सुचवली.

"तुमाला बरं म्हाईत," सुलभा म्हणाली.

शुक्रवार, ७ मार्च
साहेबांना शेतीचे मासिक फार आवडले. मात्र ते वाचणारे गिऱ्हाईक हवे, चेहऱ्यावर कापसाची काळजी असलेले. संध्याकाळपर्यंत तेवढे झाले की नोकरी कायम.

केतकीने दुपारीच माणूस बसवला. चेहरा माझा, पदवीदानाच्या फोटोवरून घेतलेला.

"नको म्हणालात तर दुसरा लावते, बाबा. पण हाच खरा वाटतोय."

सुलभा मागे उभी राहून पडद्याकडे बघत होती. हसू आवरत नव्हते.

थोडा वेळ मागून घेतला आहे. चष्मा पुसून चूक शोधत बसलो आहे. भांग, मिशी, कॉलर, नजर.

अद्याप सापडलेली नाही.

म. रा. शेटे
बीड, ७ मार्च