अप्पांच्या फोनमधली नटी

तामलवाडी

प्रिय राजनंदिनी,

हे पत्र शेजारच्या शिवकांताच्या हातानं पाठवतेय, कारण तू फोनवर बोलतेस तेव्हा तुझ्यामागं कुणीतरी उभं असतं अशी मला शंका येते. वाचून झालं की फाडून टाक.

आधी तुझ्या अप्पांची कागाळी. रिटायर झाल्यापासून हा माणूस फोन घेऊन ओसरीत बसतो आणि मी जवळ गेले की फोन पालथा. मी काय दूधखुळी आहे? परवा ते अंघोळीला गेले आणि मी फोन उघडला. शोधायच्या जागी बोट ठेवलं, तर आपल्या मालिकेतली ती मधुराक्षी! मधुराक्षीचं वय, मधुराक्षीचे साडीतले फोटो. बाकीचे लोक काय शोधतात तेही फोननं दाखवलं: तिची जात, तिची उंची, तिची कमाई. जणू घरोघरी तिला सून करून घ्यायचीय! अप्पा बाहेर आल्या आल्या मी त्यांना फैलावर घेतलं. “व्हय, बघितले फोटो. लई चांगलं काम करती ती,” म्हणाले आणि वर हसलेसुद्धा.

पण खाली आणखी होतं. मधुराक्षीचा घटस्फोट का झाला. मधुराक्षीला नवरा मारायचा का. घर सोडून मधुराक्षी कुठं राहिली. ते वाचून अप्पांचं हसू गेलं. “भवानीआईची आण, हे म्या न्हाय केलं.” मी तारखा बघितल्या. सगळं पंचमीच्या आठवड्यातलं. तेव्हा तू इथं होतीस. तुझा फोन बिघडलाय म्हणून अप्पांचा घेऊन वर माळवदावर बसायचीस. यंदा पहिल्यांदाच तू झोक्यावर बसली नाहीस, खांदा अवघडलाय म्हणालीस. जावईबापू तुला सोडून दारातूनच परत फिरले, तेही मला खटकलं होतं. नंदे, अप्पा त्या दिवशी जेवले नाहीत.

रविवारी ते आणि धनाजीमामा जीप घेऊन ढोकीला येतील. माझी तब्येत बिघडलीय असं तुझ्या सासूबाईंना सांगतील. पिशवी भरू नकोस, संशय येईल. आहेस तशी जीपमध्ये बस. तू सगळ्यात शेवटी जे शोधलंस, त्याच्यासाठी हे पत्र लिहिलं. मधुराक्षी माहेरी परत आली तेव्हा तिची आई काय म्हणाली. मी पण शोधलं, मला कुठं सापडलं नाही. तुझी आई म्हणते, ये बाळ. मी तुला परत पाठवणार नाही.

तुझीच,
आई