गाडीतले पाहुणे

१६ नोव्हेंबर २०२५, रविवार. अमरावती.

१. गाडी माझ्या नावावर आहे. चालवत होता गोपाळ, माझा धाकटा भाऊ.
२. काल सेमाडोहहून परतवाड्याकडे उतरताना घाटात ब्रेक लागले नाहीत. गाडी डोंगराला घासत थांबली. दुसऱ्या बाजूला दरी होती.
३. गाडीत गोपाळ धरून पाच जण. अकोल्याच्या गोदाबाईंच्या मांडीचं हाड मोडलं. इथे दवाखान्यात आहेत, उद्या ऑपरेशन. बाकीच्यांना खरचटलं.
४. गोपाळ सोडून यांतलं कोणीच आमचं नातेवाईक नाही.

चौथी गोष्ट मला आज कळली.

गोपाळ फोनवर म्हणायचा, "ताई, पाहुने घेऊन चाललो." मला वाटायचं, पातूरला आईबाबांकडे कोणी आलंय, त्यांना फिरवतोय. आज दवाखान्याच्या जिन्यात नीट विचारलं. म्हणाला, "भाड्याचे पाहुने ना वं. गिऱ्हाइकाले तोंडावर गिऱ्हाईक म्हनू का? बरं दिसते का?"



१७ नोव्हेंबर, सोमवार

ऑपरेशन झालं. ठीक आहेत म्हणाले.

लिहून काढलं की भीतीला माप तरी येतं, म्हणून लिहिते.

तीन दसऱ्यांपूर्वी अकोल्यात गाडी घेतली. कर्ज माझ्या पगारावर मिळत होतं, म्हणून नाव माझं. गाडी घरची, वापरणार गोपाळ. शोरूमच्या कोटेशनची ओळ न ओळ मी तपासली होती. रोड टॅक्स किमतीच्या अकरा टक्के, एकदाच. नोंदणी फी. कर्जाचा बोजा चढवायची फी. नंबर प्लेट, फास्टॅग, विमा. 'हँडलिंग चार्ज' म्हणून लावलेली रक्कम भांडून काढायला लावली. मॅकॅनिकल इंजिनिअर आहे, मला कोण फसवणार — असं वाटलं होतं.

सगळे आकडे बरोबर होते. पण ते पांढऱ्या पाटीचे, घरच्या गाडीचे. भाड्याच्या गाडीला पिवळी पाटी लागते. तिचा कर वेगळा, परमिट वेगळं, विमा महाग, आणि ठराविक मुदतीनं आरटीओत फिटनेस तपासणी. गोपाळला हे माहीत होतं. म्हणाला, "काहून द्यावं तितके पैसे? रस्ता तर तोच हाय ना."

रस्ता तोच. विमा तो नाही. पांढऱ्या पाटीची गाडी भाड्यानं चालवली की विमा कंपनी हात वर करते. मग दवाखाना, भरपाई, कराचा फरक, दंड, सगळं गाडी ज्याच्या नावावर त्याच्या दारात. म्हणजे माझ्या.



१९ नोव्हेंबर, बुधवार

विमा कंपनीच्या तपासनिसानं पातूरला आईला फोन केला. गाडीत कोण होतं? आई म्हणाली, पाहुणे. त्यानं लिहून घेतलं, 'मालकाचे नातेवाईक'. तो जबाब आता मला सहीसाठी आलाय.

आईला फोन लावला. झेंडू तोडत होती.

"मी का खोटी बोलली? गोपाळ पाहुनेच म्हनते त्याहिले. मांगच्या खेपेचे तर आपल्या घरी जेवूनबी गेले. वांग्याची भाजी लय आवडली त्याहिले."

आई खरंच खोटं बोलली नाही. तपासनिसानंही ऐकलं तेच लिहिलं. आणि समोर खोटा जबाब तयार आहे. फक्त माझी सही हवी.

२० नोव्हेंबर, गुरुवार

सही केली नाही. नाही म्हणूनही कळवलं नाही.

२२ नोव्हेंबर, शनिवार

दवाखान्यात गेले. गोदाबाईंचे यजमान केशवराव बाहेरच भेटले. रागावतील या धास्तीनं वाक्य पाठ करून गेले होते. ते उलट हळू आवाजात म्हणाले, "गोपाळनं सांगितलं मले सारं. आमीबी सांगून देतो, नात्यातले हाओ म्हनून. हिचं बिल निघते, तुमचंबी भलं होते. आजपासून हिले मावशी म्हन, झालं."

आतून गोदाबाईंना ऐकू गेलं. "मावशी म्हनते तर बाहेरचा चहा आन वं बाई. इथला नुसता गरम पानी हाय."

मी हसले. सात दिवसांत पहिल्यांदा. चहा आणून दिला. परत येताना सही करायचं जवळजवळ ठरलं होतं. कोणाचंच नुकसान नाही, असं वाटत होतं.

२४ नोव्हेंबर, सोमवार

गॅरेजमध्ये पुढचं चाक उघडायला लावलं. डिस्क तापून निळी पडलेली. ब्रेक पॅड काचेसारखे गुळगुळीत. ब्रेक ऑइल काळं. हे एका उतारात होत नाही. महिनोन् महिने भरलेली गाडी घाटातून ब्रेक दाबून उतरवली की होतं.

पिवळी पाटी असती तर गेल्या वर्षी फिटनेसला ब्रेक तपासले गेले असते. मी कराचा आकडा तपासला, ब्रेक कोणी तपासले नाहीत.

दरी डाव्या हाताला होती. सारखी डोळ्यांसमोर येते.

२७ नोव्हेंबर, गुरुवार

गोपाळचा फोन.

"ताई, सही करून टाक ना आता. विम्याचं झाल्याबिगर गॅरेजवाला गाडी सोडत नाही, अन् शनिवारी भेटली पायजे. रविवारी पाहुने हायेत."

कुठे?

"सेमाडोह. मंग अजून कुठं? दोघं नवरा-बायको, दोन लेकरं."

ब्रेकचं काम सांगितलंस का?

"पत्र्याचं होऊन राहिलं. ब्रेकचं पुढच्या महिन्यात पाहू. एक फेरी चालून जाते वं."

त्यानं हे अगदी सहज म्हटलं. मी फोन ठेवला आणि गॅरेजचा नंबर शोधला.

२८ नोव्हेंबर, शुक्रवार

तपासनिसाला पाठवलेला मजकूर, जसाच्या तसा:

"अपघाताच्या दिवशी गाडीतले चौघे माझे नातेवाईक नव्हते. ते भाडं देऊन बसलेले प्रवासी होते. माझ्या आईच्या बोलण्यातल्या 'पाहुणे' या शब्दाचा अर्थ तोच. जबाब दुरुस्त करावा. गाडी माझ्याशिवाय कोणाच्याही ताब्यात देऊ नये, असं मी गॅरेजला लेखी कळवलं आहे. गोदाबाईंच्या उपचाराचा खर्च तुम्ही देणार नसाल तर तो मी देईन. माझ्यावर एकूण काय येतं, ते शुक्रवार, ५ डिसेंबरपर्यंत लेखी कळवावं."